पडणाऱ्याची विद्या

नाटक किंवा चित्रपट पाहून घरी परतणाऱ्या मंडळींचे बोलणे कान देऊन ऐकावे, म्हणजे मनुष्यस्वभावाची एक गंमत ध्यानात येते. नायकाचे रूप, नायिकेचे गाणे, विनोदी पात्राची एखादी लकब यांची उजळणी रस्ताभर चालते. खलपुरुष विशेष दुष्ट असेल, तर त्याच्याही वाट्यास चार शेलक्या शिव्यांच्या रूपाने कौतुक येते. परंतु ज्या दहाबारा इसमांनी नायकाच्या हातचा मार खाऊन त्याचे शौर्य सिद्ध केले, जे जिन्यावरून गडगडले, घोड्यावरून उलथले, तलवारीचा वार झेलून धारातीर्थी पडले, त्यांच्याविषयी कोणी अवाक्षर काढीत नाही. फार तर एखादे लहान मूल विचारते, 'बाबा, त्या माणसाला खरंच लागलं का?' आणि बाबा सांगतात, 'छे, ते सगळं खोटं असतं.' या उत्तराने मुलाचे समाधान होते की नाही, कोण जाणे. आमचे मात्र अलीकडे होईनासे झाले आहे. ते सगळे खोटे असते हे खरे. पण ते खोटे खरे दिसावे म्हणून कोणीतरी खरोखरच पडलेला असतो, हेही तितकेच खरे.

आम्ही जन्मभर इंग्रजी साहित्य शिकवीत आलो. आमच्या धंद्याची रीतही त्या परतणाऱ्या प्रेक्षकांहून फारशी निराळी नाही. हॅम्लेटविषयी बोलताना चार तास पुरत नाहीत. पण ज्याच्या तलवारीवाचून हॅम्लेटला नीटसे मरताही आले नसते, तो लेअर्टिस दहा मिनिटांत निकालात निघतो. परीक्षेतही प्रश्न हॅम्लेटवरच येतात. जगाचे लक्ष मारणाऱ्याकडे असते. पडणारा हा त्याच्या पराक्रमाचा केवळ हिशेब. हा हिशेब कोठेतरी चुकतो आहे, असे आम्हास वाटते, आणि ते का वाटते, हे सांगण्यासाठी एका मराठी नटाच्या चरित्रापासून आरंभ करणे सोयीचे होईल.

मास्टर विठ्ठल हे नाव आजच्या तरुण वाचकास ठाऊक असलेच, तर ते सामान्यज्ञानाच्या परीक्षेपुरते. हिंदुस्थानातील पहिला बोलपट कोणता? 'आलम आरा'. त्याचा नायक कोण? मास्टर विठ्ठल. एवढे लिहिले की एक गुण पदरात पडतो आणि नट विसरला जातो. वस्तुतः या मनुष्याचे आयुष्य म्हणजे तलवारीच्या जोरावर वर चढून, जिभेच्या एका परीक्षेत खाली येऊन, पुन्हा शांतपणे कडेला उभे राहण्याची एक विलक्षण कथा आहे.

विठ्ठल लहानपणी नाटक मंडळीत होते आणि तेथून ते कोल्हापूरच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीत बाबूराव पेंटरांच्या हाताखाली आले. कोल्हापूर हे त्या वेळी दोन गोष्टींचे गाव होते: तालमींचे आणि कलावंतांचे. शाहू महाराजांच्या आश्रयाने कुस्ती भरभराटीस आली होती. आणि त्याच गावात पेंटरांसारखा चित्रकार स्वदेशी कॅमेरा बनवून ऐतिहासिक चित्रपट काढीत होता. अशा गावात वाढणाऱ्या चपळ अंगाच्या मुलास पडद्यावर कोणते काम मिळावे? तर नर्तकीचे! 'कल्याण खजिना' या १९२४ सालच्या मूकपटात विठ्ठल प्रथम दिसले ते स्त्रीवेषात नाचताना. पुढे ज्याच्या तलवारीवर पिटातले प्रेक्षक जीव टाकणार होते, तो पडद्यावर आला तो पायी घुंगरू बांधून. आम्हास यात विसंगती दिसत नाही. नाच काय आणि पटा काय, दोहोंचे मूळ पदन्यासात आहे. ज्याचा पाय तालात पडत नाही, त्याचा हातही वेळेवर उठत नाही.

१९२५ साली मुंबईस नानुभाई देसाई व भोगीलाल दवे यांनी शारदा फिल्म कंपनी काढली. पुराणकथा व संतचरित्रे यांवर पोसलेल्या मूकपटांच्या बाजारात या कंपनीने मारधाडीचा, घोडदौडीचा, तटावरून उड्या टाकण्याचा माल आणला, आणि त्या मालाचा मुख्य कारागीर म्हणजे मास्टर विठ्ठल. 'रतनमंजरी' (१९२६) पासून ते नायक झाले. त्या वेळी डग्लस फेअरबँक्स या अमेरिकन नटाचे 'द मार्क ऑफ झोरो' व 'द थीफ ऑफ बगदाद' यांसारखे चित्रपट इकडील लोकांनी डोक्यावर घेतले होते. लोक विठ्ठल यांस 'हिंदुस्थानचा डग्लस फेअरबँक्स' म्हणू लागले. आपल्याकडे मोठेपणा मोजण्याची ही जुनीच पद्धत आहे. कालिदासालाही आपण विलायती शेक्सपिअरच्या फूटपट्टीने मोजून घेतलेच आहे.

मारधाडीच्या या चित्रपटांचे सुशिक्षितांच्या घरांत स्वागत कधीच झाले नाही. ते गिरणीतल्या कामगारांनी, टांगेवाल्यांनी, शाळा चुकवणाऱ्या पोरांनी पाहावयाचे. पांढरपेशा गृहस्थ मुलांना 'संत तुकाराम' पाहावयास घेऊन जाई, आणि पुढील गल्लीत चाललेल्या तलवारबाजीकडे पाहून नाक मुरडी. ज्यांनी ते चित्रपट पाहिले त्यांना लिहिता येत नव्हते, आणि ज्यांना लिहिता येत होते त्यांनी ते पाहिले नाहीत. मूकपटांच्या काळात आपल्या देशात तेराशेच्या आसपास चित्रपट निघाले; त्यांपैकी आज पाहावयास मिळतात ते अगदीच थोडे, आणि तेही बहुतेक तुटक. विठ्ठल यांची तारुण्यातली तलवार त्या नष्ट झालेल्या फितींबरोबर गेली.

मग १९३१ साल उजाडले. इंपीरियल कंपनीचे अर्देशीर इराणी यांनी पहिला बोलपट काढण्याचा घाट घातला. नायकाच्या कामासाठी, पुढे मोठा दिग्दर्शक झालेला तरुण मेहबूब खान याचा विचार प्रथम झाला होता, असे सांगतात. पण नव्या धाडसास नावाजलेला नट हवा म्हणून विठ्ठल यांची निवड झाली. विठ्ठल शारदा कंपनी सोडून निघाले, तेव्हा कंपनीने करारभंगाचा दावा लावला. विठ्ठल यांचे वकील होते बॅरिस्टर महंमद अली जीना. खटला विठ्ठल जिंकले. ज्या मनुष्याने पडद्यावर शेकडो लढाया तलवारीने जिंकल्या, त्याची आयुष्यातील महत्त्वाची लढाई अशी दुसऱ्याच्या जिभेने जिंकली गेली. आणि त्यानंतरची लढाई त्याने हरली ती स्वतःच्या जिभेने.

कारण आता नटास बोलावे लागणार होते, आणि तेही हिंदुस्थानीत, उर्दूच्या नजाकतीने. विठ्ठल यांची वाणी मराठी वळणाची. कंपनीने यातून मार्ग काढला तो असा की, नायकास बराच वेळ अर्धवट शुद्धीत ठेवावे! १४ मार्च १९३१ रोजी गिरगावातील मॅजेस्टिक चित्रगृहात 'आलम आरा' लागला, तिकिटांसाठी झुंबड उडाली, पोलीस बोलवावे लागले; आणि देशातील पहिल्या बोलणाऱ्या चित्रपटाचा नायक फारसा बोलतच नव्हता. त्या बोलपटाचीही आज एकही प्रत उपलब्ध नाही. राहिली आहेत ती काही छायाचित्रे, म्हणजे पुन्हा मौनच.

येथून पुढचे चरित्र लोक एका वाक्यात उरकतात: 'बोलपट आले आणि विठ्ठल मागे पडले.' वाक्य खोटे नाही, पण फार आखूड आहे. १९३३ साली त्यांनी 'आवारा शहजादा' हा चित्रपट स्वतः दिग्दर्शित केला. त्यात शाहू मोडक यांची दुहेरी भूमिका होती. त्यानंतर हळूहळू नायकाचे आसन सुटले आणि विठ्ठल मराठी चित्रपटांतून दुय्यम कामे करू लागले. 'प्रभात'च्या 'रामशास्त्री' (१९४४) मध्ये नायक गजानन जागीरदार; विठ्ठल नामावळीत खाली. भालजी पेंढारकरांच्या 'छत्रपती शिवाजी' (१९५२) मध्ये महाराज झाले चंद्रकांत. विठ्ठल पुन्हा नामावळीत खाली. १९६९ साली ते वारले. नायकपण भोगले ते मोजकी वर्षे. दुसऱ्याच्या कथेत उभे राहिले ते त्याहून पुष्कळ अधिक.

या दुसऱ्या कालखंडाकडे दया म्हणून पाहण्याची रीत आहे. आम्हास ती मान्य नाही. ज्याच्या नावाची एकदा जाहिरातीत ठळक अक्षरे झाली, त्याने त्याच अंगाने, त्याच तलवारीने दुसऱ्या नायकाच्या मागे उभे राहणे, आणि ते रोज सकाळी वेळेवर येऊन करणे, यास काय लागत असेल याचा विचार ज्याने त्याने आपल्या कचेरीतील अनुभवावरून करावा. साहेबाची खुर्ची सुटल्यावर त्याच कचेरीत मेजाच्या अलीकडे बसून काम करणारे किती गृहस्थ आपण पाहिले आहेत?

दुय्यम नटाच्या मोलाचा हा विचार आम्हास प्रथम कोणी शिकवला असेल, तर तो पुस्तकाने नव्हे, तर अकोल्याच्या आमच्या मामांनी. मामा नोकरीने कारकून आणि वृत्तीने पहिलवान. मोर्णेच्या काठच्या एका आखाड्यात त्यांची तरुणपणाची माती झाली होती. १९८० नंतरच्या काही वर्षांत चिनी मारामारीचे चित्रपट आमच्या वऱ्हाडातील गावांत धो धो चालत. पडद्यावर लोक कोणती भाषा बोलतात, हे विचारण्याची कोणास गरज वाटत नसे. सुटीत आम्ही अकोल्यास गेलो की मामा आम्हास तसल्या चित्रपटास नेत, आणि घरी 'भक्तिपर होता' असे सांगत. ब्रूस ली याचा 'एंटर द ड्रॅगन' आम्ही असाच पाहिला. सगळे थिएटर ब्रूस लीच्या प्रत्येक लाथेबरोबर उसळत होते; आम्हीही उसळत होतो. मामांनी आमचे मनगट दाबून खाली बसवले आणि कानाशी म्हणाले, 'मारनाऱ्याकडं काय पाहून राह्यला बे? पडनाऱ्याकडं पाह्य. हा बुढा पाह्य. हा कुठंतरी आखाड्यात घासला हाय.'

तो 'बुढा' म्हणजे चित्रपटातील खलपुरुष हान. डावा हात तुटलेला, त्या जागी लोखंडी पंजा. शेवटी आरशांच्या दालनात नायकाशी त्याची झुंज होते. त्या वेळी आम्हास त्याचे नाव ठाऊक नव्हते. पुढे वाचनात आले आणि मामांच्या नजरेचे नवल वाटले. त्या नटाचे नाव शेक किन. १९१३ साली दक्षिण चीनच्या कँटन प्रांतात जन्म. चिन वू या व्यायामसंस्थेत नऊ वर्षे शिकून तो शिक्षक म्हणून उत्तीर्ण झालेला होता. १९४० साली तो चित्रपटांत आला आणि त्याच्या वाट्यास पहिल्यापासून आले ते दुष्टपण. हाँगकाँगमध्ये १९४९ पासून वाँग फेई-हुंग या लोकप्रिय वैद्य-वस्तादाच्या चरित्रावर चित्रपटांची जी मालिका निघाली, तीत क्वान टाक-हिंग हे सत्तरांहून अधिक वेळा नायक झाले, आणि त्यांच्या हातून वारंवार पराभूत होण्याचे काम शेक किन यांनी केले. नायक बदलला नाही, खलपुरुषही बहुधा बदलला नाही. बदलली ती फक्त दुष्टाव्याची नावे. लोकांनी त्यांचे टोपणनावच 'खलनायक किन' असे करून टाकले.

'एंटर द ड्रॅगन' आला १९७३ साली. शेक किन तेव्हा साठीस पोचले होते. नायक बत्तीस वर्षांचा. येथे विठ्ठल यांच्या चरित्राशी एक साम्य असे जुळते की वाचणारा चमकावा. चित्रपट इंग्रजी, आणि शेक किन यांना इंग्रजी येत नव्हते. म्हणून पडद्यावर जो आवाज ऐकू येतो तो त्यांचा नव्हे. की ल्यूक या चिनी वंशाच्या अमेरिकन नटाचा आहे. एका देशात तलवारबहाद्दराची जीभ उर्दूत अडखळली म्हणून त्यास गुंगीत ठेवले. दुसऱ्या देशात मुष्टियोद्ध्याची जीभ इंग्रजीत अडखळली म्हणून त्यास दुसऱ्याची जीभ लावली. शरीराने बोलणाऱ्या माणसाकडे जग असेच पाहते. जोवर तो लढतो तोवर टाळ्या; बोलू लागला की परीक्षक पुढे सरसावतात. इंग्रजी शिकवून पोट भरणाऱ्या आमच्यासारख्यास हे लिहिताना थोडे अवघड वाटते, पण लिहिलेच पाहिजे. उत्तम बोलणारेच उत्तम समजतात, हा आम्हा वाणीच्या व्यापाऱ्यांचा पूर्वग्रह आहे.

चिन वू संस्थेविषयी वाचताना आम्हास आणखी एक गोष्ट घरची वाटली. ती संस्था १९१० साली शांघायला निघाली. परकी सत्तांनी चीनला 'आशियाचा रोगी' म्हणून हिणवावे, त्यास उत्तर म्हणून तरुणांनी शरीर कमवावे, अशी तिच्यामागची प्रेरणा होती. त्यानंतर चारच वर्षांनी, १९१४ साली, आमच्या अमरावतीत वैद्य बंधूंनी हनुमान व्यायाम प्रसारक मंडळ सुरू केले. चीनचे ते हे ऐकून नव्हते आणि यांचे त्यांच्या कानावर नव्हते. पण दोन गुलाम देशांच्या दोन गावांत जवळपास एकाच वेळी माणसांच्या मनात आले की, आधी माती उकरून मैदान करावे. १९३६ साली बर्लिनच्या ऑलिंपिक सामन्यांच्या वेळी या मंडळाच्या पथकाने मल्लखांब, हुतुतू वगैरे देशी प्रकार जगासमोर करून दाखवले. आज त्या मैदानावरून जाताना पहाटे पोरांच्या अंगाखाली चटया वाजत असतात. अशाच एका मैदानातून शेक किन निघाला आणि आयुष्यभर इतरांचे विजय सजवीत राहिला.

आता थोडे त्या विद्येविषयी. झुंजीच्या नटांशी बोलल्यावर आम्हास पहिल्यांदा कळले की, पडदा आणि रंगभूमी यांवरील मारामारीची दोरी मारणाऱ्याच्या हातात नसतेच, ती पडणाऱ्याच्या हातात असते. नायक खलपुरुषाचे केस धरून ओढताना दिसतो. वस्तुतः त्याने मूठ नुसती डोक्यावर टेकवलेली असते, आणि 'ओढला जाणारा' ती मूठ स्वतःच घट्ट धरून, स्वतःच्या पायाने पुढे येत असतो. ठोसा हनुवटीपासून चांगला वीतभर दूरून जातो. कॅमेरा अशा कोनात असतो की ते अंतर दिसू नये. त्या रिकाम्या जागेत प्राण ओततो तो पडणारा. त्याची मान किती फिरली, कधी फिरली, खांदा आधी गेला की पाय, यावर ठोशाचे वजन ठरते. तो क्षणभर आधी हलला तर लोक हसतात. क्षणभर उशिरा हलला तर दात जातो.

पडण्याचेही शास्त्र आहे. हनुवटी छातीशी, म्हणजे डोके जमिनीस लागत नाही. श्वास सोडीत पडावयाचे, कोंडून नाही. सरळ पाठीवर कधी नाही. एका खांद्यावरून विरुद्ध कमरेकडे तिरपे लोळावयाचे. शेवटी तळहात व कोपरापर्यंतचा हात जमिनीवर सपाट आपटावयाचा, म्हणजे आघात एका जागी न बसता पसरतो, आणि आवाज मोठा होऊन प्रेक्षकांस अधिक लागल्यासारखे वाटते. म्हणजे मोठा आवाज झाला, तर समजावे की मनुष्य सुखरूप आहे. तलवारीच्या झुंजीत तर जबाबदारी अधिक. पट्टा फिरवणाऱ्याच्या हाताची लांबी, त्याच्या पायाचा तोल, त्या दिवशी त्यास आलेला थकवा, हे सारे समोरच्याने डोळ्यांनी मोजावयाचे आणि तरीही घाबरल्याचे सोंग करावयाचे. याला जर विद्या म्हणावयाचे नाही, तर आम्ही विद्यापीठात शिकवतो त्यास तरी काय म्हणावे?

ही माहिती आम्हास ज्याने दिली तो आमचाच एक विद्यार्थी. दर्यापूरकडील खेड्यातला, बापाची कोरडवाहू शेती. अमरावतीस शिकावयास आला तो मल्लखांबाच्या नादाने, आणि आमच्या इंग्रजीच्या तासाला मागल्या बाकावर बसून पास झाला. पुढे मुंबईस गेला. तिकडे चित्रपटांत आणि मालिकांत तो 'फायटर' आहे, म्हणजे नायकाकडून मार खाणाऱ्या दहांपैकी एक. कामाच्या दिवशी बरे पैसे मिळतात; काम नसते त्या दिवशी अर्थातच काही नाही. वर्षातून एकदोनदा तो आमच्याकडे येतो, मोबाइल काढतो, आणि एखाद्या चित्रपटातील अर्ध्या मिनिटाचा तुकडा लावून म्हणतो, 'सर, ही पाठ माझी.' कधी पाठ, कधी कोपर. एकदा तर नायकाचीच उडी, कारण नायकास उंचीची भीती वाटत होती. चेहरा असा क्वचितच.

दोन वर्षांमागे त्याचा खांदा निखळला आणि तो दीड महिना गावी येऊन राहिला. त्या मुदतीत एके दिवशी त्याची आई आमच्या घरी आली. हातात पिशवीभर तुरीच्या शेंगा. तिने सरळच विचारले, 'सर, त्याचं नाव कवा येईन जी पडद्यावर?' या प्रश्नामागे तिचा हिशेब होता. नाव येणार असेल तर तिने आणखी दम धरला असता. नसेल तर गावाजवळच्या शाळेत व्यायामशिक्षकाची जागा निघते आहे, तेथे खटपट करावी, आणि आम्ही दोन शब्द सांगितले तर पोरगा ऐकेल, अशी तिची समजूत. आईचे म्हणणे वावगे नव्हते. खांदा एकदा निखळला की पुन्हा निखळतो, हे तिला डॉक्टरांनी सांगितले होते.

उत्तर देण्यापूर्वी, काहीतरी करावे म्हणून, आम्ही तिला मुलाचा एक तुकडा दाखवला. नायकाच्या लाथेने तो माडीचे कठडे मोडून खाली हातगाडीवर पडतो, असा. तिने तो दोनदा पाहिला. मग म्हणाली, 'पडलेला तं दिसला जी. उठलेला काऊन नाही दाखोत?'

आमच्या तीस वर्षांच्या अध्यापनात इतका नेमका प्रश्न आम्हास कोणी विचारला नव्हता. खरोखरच, पडलेला मनुष्य उठताना पडद्यावर कधी दाखवीत नाहीत. कथेस त्याचा उपयोग नसतो. तो उठतो तेव्हा कॅमेरा नायकाच्या मागे गेलेला असतो. कपडे झाडून, कोपर चोळून, तो पुन्हा वर जातो आणि दिग्दर्शकाचे समाधान होईपर्यंत तीच उडी पुन्हा घेतो. विठ्ठल यांच्याविषयी 'मागे पडले' असे लिहिणाऱ्यांनी नेमके हेच केले आहे. त्यांनी पडणे टिपले आणि कॅमेरा हलवला. त्यानंतरची तीस-पस्तीस वर्षे म्हणजे विठ्ठल यांचे उठणे होते. शेक किन यांचेही तसेच. ज्या ब्रूस ली याच्या हातून ते पडले, तो तरुण तो चित्रपट लोकांपुढे येण्याआधीच, २० जुलै १९७३ रोजी, वारला. शेक किन पुढेही काम करीत राहिले. जॅकी चॅनच्या 'द यंग मास्टर' (१९८०) मध्ये तर ते दुष्टपणा टाकून कोतवाल झाले. आणि २००९ साली, शहाण्णवाव्या वर्षी, त्यांनी जगाचा निरोप घेतला. मेलेल्या नायकाचे पुतळे झाले, हे योग्यच. पण लोखंडी पंजाच्या त्या म्हाताऱ्याने इतके पक्के उभे राहून हार घेतली नसती, तर त्या विजयात वजन कोठून आले असते?

आम्ही आईस एवढेच सांगितले की, नाव येईल असे आम्हास वाटत नाही. पण त्याचे काम फुकट जाते आहे असेही वाटत नाही. आणि शाळेची जागा चांगली आहे. निवड त्याने करावी, कारण खांदा त्याचा आहे. तिला हे उत्तर कितपत पटले, हे तिच्या चेहऱ्यावरून कळले नाही. शेंगा मात्र तिने परत नेल्या नाहीत.

काही दिवसांनी आम्ही त्या गावी गेलो. खांद्याला पट्टा बांधलेला आमचा विद्यार्थी अंगणात उभा राहून गल्लीतल्या आठदहा पोरांना पडावयास शिकवीत होता. खाली कडब्याचा थर, त्यावर जुन्या गोधड्या. 'मारायचं मागाहून शिकू,' तो म्हणत होता, 'आधी पडा.' पोरे एकामागून एक पडत होती, तळहात आपटत होती आणि खिदळत उठत होती. आई ओट्यावर शेंगा सोलीत बसली होती. मान वर न करता, प्रत्येक पोरगे उठले की एक दाणा सुपात टाकावा तशी लय तिच्या हातास आली होती.

शाळेची जागा त्याने घेतली नाही. खांदा भरून आल्यावर तो मुंबईस परतला. आता झुंजी बसवणाऱ्या एका वस्तादाच्या हाताखाली काम शिकतो आणि पडणेही चालूच आहे. गावातील पोरांना मात्र त्याने सुटीत येऊन शिकवण्याचे कबूल केले आहे, आणि कडब्याची व्यवस्था आई पाहते. वाचकांस आमची एकच विनंती आहे. पुढील वेळी चित्रपट पाहताना नायकाने कोणास लोळवले, की त्या लोळलेल्या मनुष्यावर नजर क्षणभर अधिक ठेवावी. आणि शेजारी बसलेल्या मुलाने 'त्याला खरंच लागलं का?' असे विचारले, तर सांगावे की, हो, थोडे लागले असेल. पण तो कसा पडावे हे शिकलेला आहे, आणि तुला दिसला नाही तरी तो आता उठला आहे.